नाव, गाव आणि दुखणं

देवपूरच्या ख्रिस्ती मंडळीची एक जुनी शिस्त आहे. उपासनेत प्रार्थनेची विनंती मांडायची तर मोघम मांडायची नाही. नाव सांगायचं, गाव सांगायचं आणि दुखणं काय आहे ते नीट सांगायचं. फार पूर्वीच्या कुणा पाळकाने ही सवय लावली म्हणतात. त्याचं म्हणणं, पत्ता नसलेलं पाकीट पोस्टमनही पोचवत नाही, मग देवाने काय अंदाजपंचे वाटत सुटायचं? देवाला सगळं आधीच ठाऊक असतं हे त्यालाही ठाऊक असणार. पण शेजारच्या बाकावरच्या माणसाला ते ठाऊक नसतं, आणि दुखणेकऱ्याच्या घरी डबा शेवटी त्या शेजाऱ्यालाच न्यायचा असतो. म्हातारा पक्का व्यवहारी होता.

तेव्हापासून दर रविवारी तिथे माणसं उठून उभी राहतात आणि घरातलं सगळं बोलून टाकतात. साक्रीची तानुबाई, गुडघे. पिंपळनेरचा निंबा, दारू. कुणाचा मुलगा परीक्षेत गचकलेला, कुणाच्या सुनेचं घरात पटत नाही. बाहेरच्याला वाटावं, ही देवाची सभा आहे की गावची चावडी. पण त्यात कुणाला लाज वाटत नसे, कारण ऐकणारे सगळे आपलेच, आणि पुढच्या रविवारी बोलायची पाळी त्यांची. बोललेलं फार तर पांझरेच्या पुलापर्यंत जाई. पुलापलीकडच्या धुळ्याला त्याचं काही पडलेलं नसे.

या मंडळीत प्रार्थना करावी तर वच्छलाबाईनेच. एका शाळेच्या वसतिगृहात तिने उभी हयात स्वयंपाक केला, शेकडो पोरांना भाकरी वाढल्या आणि त्यातल्या निम्म्यांची नावं अजून तिच्या प्रार्थनेत येतात. पाळकसाहेब प्रार्थना करत ती शुद्ध, पुस्तकातल्यासारखी. वच्छलाबाईचं तसं नव्हतं. साक्रीपलीकडच्या डोंगरगावात जन्मलेली बाई, देवाशी बोलताना ती सरळ अहिराणीत शिरायची. देवाला 'बाप' म्हणायची, कधी कधी रागवायचीसुद्धा. ती उभी राहिली की चुळबूळ करणारी पोरंही गप्प बसत. सगळे तिला अक्का म्हणत.

अक्काला एकच लेक, नूतन. जळगावला कॉलेजात शिकत असताना तिचं हितेंद्रशी जमलं. हितेंद्र रावेरकडचा, केळीवाल्या घरचा, घरात देवपूजा, सणवार, कुळधर्म सगळं रीतसर. दोन्हीकडे थोडी आदळआपट झाली. अक्काचा नवरा जीवराम महिनाभर जावयाचं नाव घेत नव्हता, आणि तिकडे विहीण सुनंदाबाईंनी म्हणे दोन दिवस चूल पेटवली नाही. मग जे होतं तेच झालं. पोरं हटली नाहीत, थोरं थकली. रजिस्टर लग्न झालं, दोन्ही घरं मुकाट्याने जेवली. एवढंच ठरलं, की सुनेने मनात काय मानायचं ते मानावं, पण गावात चर्चच्या गोष्टी नकोत. नूतनने ते पाळलं.

हितेंद्र माणूस म्हणून सोनं निघाला. पहिल्याच वर्षी देवपूरला येणाऱ्या ट्रकवाल्याबरोबर त्याने केळीचा एक अख्खा घड पाठवला, आणि जीवरामने तो गल्लीभर वाटला. वाटताना मात्र 'आमच्या जवाईबापूंकडचा' असं प्रत्येक दारात सांगितलं. महिनाभराचा राग एका घडात उतरला, तेव्हापासून अक्काही जावयाला तोंडभरून जवाईबापू म्हणू लागली.

मग कोरोना आला. उपासना बंद झाली आणि प्रेमराज पुढे आला. प्रेमराज म्हणजे मंडळीतला पंखे-मिक्सर दुरुस्त करणारा दुकानदार. त्याने पाळकसाहेबांच्या घरात ढोलकीवर स्टूल, स्टुलावर पुस्तकं आणि पुस्तकांवर आपला मोबाइल असा मनोरा रचला आणि उपासना लाइव्ह केली. पहिल्या रविवारी अर्धा वेळ पाळकसाहेबांचं पोटच दिसत होतं. तरी लोकांनी घरोघरी हात जोडून ते पाहिलं. दुसऱ्या लाटेत जीवराम गेला. दवाखान्यातून परस्पर कबरस्तानात नेलं, अंगभर प्लास्टिक घातलेली पाचसहा माणसं, बस. रावेरहून यायला रस्ता नव्हता. प्रेमराज कबरस्तानाच्या भिंतीवर चढून फोन धरून उभा राहिला, आणि नूतनने आपल्या बापाला माती देताना फोनवर पाहिलं. हात दुखून आला तरी त्याने तो खाली घेतला नाही. त्या दिवसापासून अक्काच्या मनात त्या यंत्राविषयी एक माया बसली. ज्याने लेकीला बापाजवळ आणलं ते वाईट कसं असेल?

साथ ओसरली, बाकं पुन्हा भरली, पण लाइव्ह चालूच राहिलं. आता मनोऱ्याच्या जागी तिवई आली, कॅमेरा आला, प्रेमराजच्या कानावर मोठाले हेडफोन आले. पुण्याला गेलेली पोरं, सुरतेला गेलेले कामगार, आखातात नर्स असलेली एक बहीण, सगळी तिथून 'आमेन' लिहायची. पाळकसाहेबांना धड हसताही येईना, धड रडताही येईना. देवाचं वचन दूर जातंय याचा आनंद, आणि धुळ्यातलीच काही मंडळी अंथरुणात चहा पीत उपासना 'करतात' याचा संताप.

अक्काला या सगळ्याशी काही देणंघेणं नव्हतं. तिला एवढंच ठाऊक होतं, की बायकांच्या बाजूला वाटेकडेच्या टोकाला बसलं की आपण कॅमेऱ्यात दिसतो, आणि रावेरला नूतन आपल्याला बघते. रविवारी सासरी स्वयंपाकघरात भाकरी थापताना नूतनचा फोन पिठाच्या डब्याला टेकवलेला असायचा, एका कानात इयरफोन. सुनंदाबाईंना ते कळत होतं आणि त्या न कळल्यासारखं करत होत्या. मोठ्या मनाची माणसं अशीही असतात. एकदा नूतनचा नेटपॅक संपला तेव्हा हितेंद्रनेच रिचार्ज मारला आणि म्हणाला, तुझं माहेर बंद पडायला नको. दुपारी मायलेकींचा फोन व्हायचा. आई, ती जांभळी साडी आता पुरे. आई, आज तू खोकत होतीस. आई, गाणं चाललं होतं तेव्हा तू डुलकी घेतलीस, मी पाहिलं. अक्का हसायची. इतर बायकांच्या लेकी दिवाळीला माहेरी येतात, हिची दर आठवड्याला यायची.

लग्नाला सहा वर्षं होत आली होती आणि घरात पाळणा हलला नव्हता. गाव गप्प बसतं होय? हळदीकुंकवाला नूतनला मागे बसवायला लागले. सुनंदाबाईंनी तिला उपास धरायला लावले, या देवाला त्या देवाला नेलं, आणि कधी कधी जिव्हारी लागेल असं बोलूनही गेल्या. नूतन ऐकून घ्यायची. मग एका दुपारी तिने आईला फोनवर सांगितलं. जळगावला दोघांचीही तपासणी झाली होती. तिच्यात काही नव्हतं. कमी हितेंद्रमध्ये होती. डॉक्टरांनी औषधं दिली होती, काही महिने बघू म्हणाले होते. हितेंद्र त्या दिवशी दवाखान्याच्या पायऱ्यांवर बसून राहिला होता, आणि तिने त्याला वचन दिलं होतं, की हे आपल्या दोघांतच राहील, गावाने मला काय म्हणायचं ते म्हणू दे.

"आई, त्यांना मी शब्द दिलाय. तुला सांगितलं, कारण माझ्याच्याने आता एकटीला सोसवत नाही. पण तू कोणाला म्हणजे कोणालाच सांगायचं नाही."

नही सांगनार, अक्का म्हणाली. आणि खरंच, तिने शेजारणीला सांगितलं नाही, सख्ख्या बहिणीला सांगितलं नाही, पाळकसाहेबांच्या बायकोने खोदून खोदून विचारलं तेव्हाही तोंडाला कुलूप. पोटात ठेवणं तिला जमत होतं. पण एक गोष्ट तिच्या मनातून जाईना. लेकीवर एवढं दुखणं आलेलं, आणि आपण मंडळीत बसून निंबाच्या दारूसाठी प्रार्थना करतोय. दर रविवारी ती उठायची, सगळ्यांची नावं घ्यायची आणि आपल्या पोरीचं दुखणं गिळून खाली बसायची. घरी एकटीने ती रोज देवाला सांगत होतीच. पण एकटीचा आवाज तिला तोकडा वाटायचा. शंभर माणसांनी एका सुरात 'आमेन' म्हटलं की देवाला मान वळवावीच लागते, हे तिने आयुष्यभर पाहिलेलं होतं.

आणि इथेच तिची गफलत झाली. सांगणं वेगळं आणि देवापुढे ठेवणं वेगळं, असं तिला अगदी मनापासून वाटत होतं. प्रार्थना म्हणजे काही चुगली नव्हे. प्रार्थनेत घेतलेलं नाव बाहेर काढायचं नाही, हा तर मंडळीचा धर्मच. देवपुरात जन्म काढलेल्या कुणालाही विचारलं असतं तर त्याने हेच सांगितलं असतं.

आंब्याला मोहर होता तेव्हाचा एक रविवार. पाळकसाहेबांनी विनंत्या विचारल्या. अक्का उठली. पदर सारखा केला आणि समोर न बघता बाजूला, प्रेमराजच्या कॅमेऱ्याकडे बघितलं. तिथे नूतन होती. भाकरी थापता थापता ती थांबलेली असेल, तिला दिसू दे, की तिची आई तिला विसरलेली नाही, की तिच्यासाठी सगळं देवपूर गुडघ्यावर येतंय.

"देवबाप," ती म्हणाली, "मनी पोर नूतन, रावेरकडनी. तिले लेकरू नही. पोरमा काही दोष नही, बाप. डाक्टरनी सांगं, दोष मना जवाईमा शे, हितेंद्रमा. तो भला मानूस शे. त्याले बरं कर. गाव मनी पोरले वांझ म्हनस, ती चुपचाप आयकी लेस. तिना कपाळवरना हाऊ डाग तू पुसी टाक."

नाव, गाव, दुखणं. सगळं शिस्तीत. मंडळी रडली. प्रेमराजनेही हेडफोन काढून डोळे पुसले. शेवटचा 'आमेन' इतका मोठा झाला, की छपरावरची कबुतरं उडाली, आणि अक्का खाली बसली तेव्हा तिला कित्येक महिन्यांनी हलकं वाटत होतं.

उपासना सुटल्यावर प्रेमराज तिच्याजवळ आला. हल्ली तो उपासनेतले छोटे छोटे तुकडे काढून वेगळे टाकत असे, मिनिटभराचे. पाळकसाहेबांच्या संदेशाचा तुकडा कोणी बघत नाही, पण देवाचा अनुभव सांगणारी साक्ष नाहीतर गाणं असलं की लोक बघतात, असा त्याचा अनुभव होता. तो म्हणाला, अक्का, तुमची प्रार्थना अहिराणीत आहे, आपल्या खानदेशातल्या माणसाच्या काळजाला जाऊन भिडेल, टाकू का? अक्काने क्षणभर विचार केला. तिला वाटलं, भाकरी तव्यावर असेल तर पोरीचं लक्ष कुठे राहिलं असेल? वेगळं टाकलं तर तिला पुन्हा पुन्हा बघता येईल. टाक भाऊ, ती म्हणाली. प्रेमराजने त्यावर नाव घातलं, 'लेकीसाठी आईची प्रार्थना', खाली मंद बासरी जोडली, आणि बिचाऱ्याने पुण्यकर्म समजून ते नेटवर सोडून दिलं.

त्या दुपारी नूतनचा फोन आला नाही. अक्काला वाटलं, पाहुणे असतील.

तुकडा मात्र सुसाट सुटला. मंडळीच्या कोणत्याही तुकड्याला कधी नव्हती एवढी माणसं त्यावर आली. त्यांतल्या निम्म्यांना येशूचं नावही ठाऊक नसेल, पण आई कुणाला नसते? सुरतेहून कोणी लिहिलं, मनी मायनी याद उनी. चाळीसगावच्या एका माणसाने लिहिलं, देव कोणताही असो, या माउलीचं ऐको. दोन दिवसांनी पाळकसाहेब स्वतः अक्काच्या घरी येऊन म्हणाले, आमचे इतक्या वर्षांचे संदेश एकीकडे आणि तुमची एक प्रार्थना एकीकडे. अक्का लाजली, त्यांना तिने गूळ-शेंगदाणे दिले. तिच्या मनात आलं, एवढी माणसं आमेन म्हणतायत, आता काम झालंच.

ते रावेरला पोचायला कितीसा वेळ लागणार? पत्ता तर अक्काने स्वतःच दिला होता. हितेंद्रच्या चुलतभावाच्या फोनवर ते कुठूनसं आलं. केळीच्या गाड्या भरतात तिथे, ट्रकच्या सावलीत, त्याने ते चारचौघांना दाखवलं. तिकडची बोली वेगळी, पण अहिराणी कोणाला कळत नाही असं नाही. एकाने हसून हितेंद्रला विचारलं, काय रे भाऊ, सासूच्या देवाचं औषध लागू पडलं का? हितेंद्रच्या हातात केळीची फणी होती. ती त्याने नीट खाली ठेवली आणि तो घरी निघून आला. हे सगळं अक्काला मागाहून कळलं.

तिला कळलं ते नूतनच्या फोनवरून.

"आई, तू कोणाला सांगितलंस?"

"कोणालेच नही, माय. तुनी आन. फक्त प्रार्थनामा ठेवं."

पलीकडे फोन ठेवल्याचं कळलं. अक्काने पुन्हा लावला, लागला नाही. त्यानंतर तो कधीच लागला नाही.

प्रेमराजच्या कानावर हे आलं. त्याने तो तुकडा लगेच काढून टाकला, त्या रविवारची अख्खी उपासनाही काढली. पण लोकांनी तोवर तो आपापल्या फोनमध्ये घेऊन पुढे पाठवलेला होता. कुणी त्यावर स्वतःचं नाव घातलं होतं, कुणी खाली हसरे चेहरे. प्रेमराज दिवसभर दुकान बंद ठेवून अनोळखी माणसांना हात जोडून लिहीत बसला, की कृपा करून काढा. एकदोघांनी काढला. एकाने त्यालाच शिव्या घातल्या. रविवारी पाळकसाहेबांनी जाहीर केलं, की यापुढे विनंत्यांच्या वेळी कॅमेरा बंद राहील. सगळ्यांनी माना डोलावल्या आणि कोणीही अक्काकडे बघितलं नाही. बघितलं असतं तर बरं झालं असतं. कोणी तिला दोष दिला नाही, कारण उद्या तिथे कोणीही उभं राहून तेच बोललं असतं, आणि हे ज्याला त्याला कळत होतं.

तीन रविवार गेले. चौथ्या आठवड्यात अक्काने पिशवी उचलली आणि धुळ्याच्या स्टँडवरून जळगावची गाडी धरली, जळगावहून रावेरची. वाटेत तिने माफीचे शब्द जुळवून बघितले, मोडले, पुन्हा जुळवले. भुसावळपुढे केळीच्या बागा सुरू झाल्या. दोन्ही बाजूंना नुसतं हिरवं, गार. एरवी हे दिसलं की तिला लेकीचं घर आल्यासारखं वाटायचं आणि ती केस सारखे करायची.

दार सुनंदाबाईंनी उघडलं. आत घेतलं, पाणी दिलं, पंखा लावला. रागाने बोलतील म्हणून अक्का तयारीत होती, पण बाई पार वाळून गेल्या होत्या. समोर भिंतीला टेकून बसल्या आणि आपल्याच पायाकडे बघत म्हणाल्या, "विहीणबाई, इतकी वर्सं मी सुनेले काय नाय ते बोलली. तिनं एका शब्दानं मले सांगतलं नाही. मह्या पोराची अब्रू तिनं पदरात बांधून ठेवली व्हती." तो पदर सोडला कोणी, ते समोरच बसलं होतं.

हितेंद्र घरात नव्हता. तो बऱ्हाणपूरला एका केळीच्या व्यापाऱ्याकडे कामाला लागला होता. गावात बसवेना, असं बापाला म्हणाला आणि गेला. बापाची एवढी बाग, घरचं एवढं काम, आणि पोरगा परक्याच्या गाड्या मोजतोय. औषधं त्याने इथेच कपाटात टाकली होती. नूतनला त्याने नेलं नव्हतं.

नूतन मागच्या पडवीत होती, धान्य पाखडत. अक्का तिच्याजवळ जाऊन खाली बसली. पोरीने वर बघितलं आणि परत सुपाकडे बघितलं. गळ्यात पडणं नाही, आदळआपट नाही. अक्काने तिचा गुडघा धरला. जुळवलेले शब्द सगळे विरून गेले. चुकनू मी, माय, एवढंच ती पुन्हा पुन्हा म्हणत राहिली. नूतनने आईचा हात बाजूला सारला नाही आणि धरलाही नाही.

पाखडता पाखडताच नूतन बोलली. आवाज अगदी सपाट होता.

"त्यांनी मला एकदाच विचारलं. म्हणाले, तू सांगितलंस ना? मी हो म्हणाले. त्यानंतर ते माझ्याशी बोलले नाहीत. मी फक्त तुला सांगितलं होतं, आई. सगळ्या जगात फक्त तुला."

अक्का रडत होती. पदराने तोंड दाबून धरलं होतं, की सुनंदाबाईंना ऐकू जाऊ नये.

"तू तिथे उभी राहिलीस तेव्हा कोणाशी बोलत होतीस?" नूतनने विचारलं. "खरं सांग. तू वर बघत नव्हतीस, डोळेही मिटले नव्हतेस. मी शंभर वेळा बघितलंय ते. कोणाकडे बघत होतीस तू?"

खोटं बोलायचं बळ अक्काच्या अंगात उरलं नव्हतं.

"तुनाकडे," ती म्हणाली. "मी तुनासंगेच बोलत व्हतू, माय. माले वाटनं, तू देखी राहीनी. तुले कळू दे, तू एकटी नही म्हनीसन."

नूतनच्या हातातलं सूप थांबलं. तिने ते खाली ठेवलं, आणि इतक्या वेळात पहिल्यांदा आईच्या चेहऱ्याकडे नीट बघितलं.

"त्या रविवारी मी बघतच नव्हते, आई. आम्ही वर डोंगरात पालला गेलो होतो, गाडीवर, दोघंच. खूप दिवसांनी ते हसले होते. डोंगरावर बसलो होतो तेव्हा आपण होऊन म्हणाले, तू फार सोसलंस, आता पुरे. दोनचार दिवसांत आईला मीच सांगतो."

नूतनने सूप उचललं आणि ती पुन्हा पाखडायला लागली. फोलपटं उडून अक्काच्या पायाशी पडत राहिली, तरी तिला बाजूला सरकायचं सुचलं नाही.

संध्याकाळच्या गाडीला सुनंदाबाई स्टँडपर्यंत सोडायला आल्या. नूतन उंबऱ्यापर्यंतही आली नाही. पुन्हा येऊ नका असं कोणी म्हटलं नाही, आणि या असंही कोणी म्हटलं नाही.

गाडी सुटली. अक्काला खिडकीजवळची जागा मिळाली होती. तिने सवयीप्रमाणे हात जोडले, डोळे मिटले. जन्मभर तिला जे काही झालं होतं ते तिने आधी देवाला सांगितलं होतं. नवरा गेला तेव्हाही कबरस्तानाच्या भिंतीपलीकडून तिने देवबापालाच हाक मारली होती. आता छाती फुटेल असं झालेलं, आणि सांगायला तोच एक उरलेला. लेकीचं नाव ओठांवर आलं. त्याबरोबर तिला ट्रकच्या सावलीतली माणसं दिसली, फोनवर वाकलेली. तिने तोंड मिटून घेतलं. पुन्हा उघडलं, पुन्हा मिटलं. आयुष्यात पहिल्यांदाच तिला देवाशी बोलायची भीती वाटली.

शेजारी बसलेल्या बाईने तिचे ओठ हलताना बघितले. मावशी, काय म्हणालात, असं तिने आपुलकीने विचारलं, कोणासाठी रडता?

"काही नही, माय," वच्छलाबाई म्हणाली. "कोनी नही."